गर्भपात केंद्रात काम करताना मन मागे ओढत असेल तर

तासगावकडच्या एका खासगी प्रसूतिगृहात काम करणाऱ्या सत्तावीस वर्षांच्या सिस्टरांनी विचारलेला प्रश्न असा आहे : त्यांच्या रुग्णालयाला गर्भपात केंद्राची मान्यता आहे, चार वर्षे त्या थिएटरमध्ये मदतीला उभ्या राहत आल्या आहेत, पण अमेरिकेतल्या एका गर्भपात केंद्राच्या माजी संचालिकेची मुलाखत पाहिल्यापासून क्युरेटिंगचा ट्रे मांडताना त्यांचा हात थबकतो. "मी पाप करते आहे का, आणि नोकरी सोडावी का?" असे त्यांनी विचारले आहे, आणि त्याखाली एक ओळ माझ्यासाठी आहे : "तुम्हीही हे काम सोडलेत, तर तुमचे मन कशाने बदलले?"

मी १९९१ ते २००६ अशी पंधरा वर्षे सांगली जिल्ह्यातल्या एका खासगी गर्भपात केंद्रात थिएटर सिस्टर होते आणि त्यानंतर निवृत्तीपर्यंत मिरजेत नवजात बाळांच्या अतिदक्षता विभागात काम केले. आठवड्याला सरासरी आठ केस धरल्या तरी सहा हजारांच्या आसपास गर्भपातांना माझा हात लागला आहे. हा आकडा मी मिरवण्यासाठी सांगत नाही आणि ऊर बडवण्यासाठीही नाही. उत्तर कोण देते आहे हे तुम्हाला कळावे, एवढ्यासाठी सांगते. आज मी ते काम करणार नाही. परंतु तुमच्या प्रश्नात तीन प्रश्न एकमेकांत गुंतलेले आहेत आणि ते आधी सुटे केले पाहिजेत : तुमच्या रुग्णालयातले काम कायद्याला धरून आहे का, ते तुमच्या मनाला पटते का, आणि तुम्ही बाजूला झालात तर समोरच्या बाईचे काय होते. 'पाप' हा शब्द या तिन्हींवर एकदमच पांघरूण घालतो, म्हणून तो मी तूर्त बाजूला ठेवते.

कायद्याचे उत्तर सर्वांत सोपे आहे, ते आधी संपवू. वैद्यकीय गर्भपाताचा कायदा १९७१ चा, तो १ एप्रिल १९७२ पासून अमलात आला आणि २०२१ मध्ये त्यात मोठी दुरुस्ती झाली. आज वीस आठवड्यांपर्यंत एका नोंदणीकृत डॉक्टरचे मत पुरते. वीस ते चोवीस आठवड्यांसाठी दोन डॉक्टरांचे मत लागते आणि तेही बलात्कारपीडित, अल्पवयीन, गरोदरपणात विधवा किंवा घटस्फोटित झालेल्या अशा ठरावीक गटांतल्या स्त्रियांपुरते. त्यापुढे गर्भातील गंभीर व्यंगासाठी वैद्यकीय मंडळाच्या परवानगीने, किंवा बाईचा जीव वाचवण्यासाठी तातडीने करावा लागला तर. सप्टेंबर २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने वीस ते चोवीस आठवड्यांच्या तरतुदीत अविवाहित स्त्रियांनाही सामावून घेतले. सज्ञान स्त्रीची स्वतःची संमती एवढीच संमती कायदा मागतो. नवऱ्याची सही मागत नाही, सासूची तर नाहीच. तुमचे रुग्णालय हे सर्व पाळत असेल, तर तुम्ही कोणताही गुन्हा करत नाही. पाळत नसेल, विशेषतः मुलगा-मुलगी पाहून पेशंट येत असतील, तर तो मनाच्या टोचणीचा विषय उरत नाही. १९९४ च्या गर्भलिंगनिदानविरोधी कायद्याखालच्या समुचित प्राधिकाऱ्याकडे तो गेला पाहिजे. मार्च २०१७ मध्ये आपल्या मिरज तालुक्यातल्या म्हैसाळ येथे एका विवाहितेचा बेकायदा गर्भपातात मृत्यू झाला आणि तपासात पुरलेले एकोणीस गर्भ सापडले. त्या काळात अनेक सिस्टरांनी मला फोन केले होते, आणि जवळजवळ प्रत्येकीचे पहिले वाक्य "आमच्याकडे तसले काही नसते हो" हे होते. मीही पंधरा वर्षे हेच वाक्य बोलत असे.

आता माझे मन कशाने बदलले ते सांगते. तुम्ही पाहिलेल्या मुलाखतीत सोनोग्राफीच्या पडद्यावरचे दृश्य आहे. माझ्या बाबतीत सुरुवात रजिस्टरपासून झाली.

गर्भपात केंद्राचे दाखल रजिस्टर तुम्ही रोज हाताळता, त्यामुळे त्याचे रकाने तुम्हाला पाठ असतील : नाव, वय, पत्ता, किती आठवडे, कारण, दोन्ही डॉक्टरांची नावे. आमच्याकडे ते भरण्याचे काम माझे होते, कारण माझे अक्षर चांगले होते. पानाच्या पहिल्या ओळीत, कारणाच्या रकान्यात मी 'गर्भनिरोधक साधनाचे अपयश' असे लिहीत असे आणि त्याखाली पानाच्या तळापर्यंत 'वरीलप्रमाणे' या अर्थाच्या दोन छोट्या रेघा ओढत असे. हे आळसाने होत नव्हते, त्यामागे कायद्याची सोय होती. विवाहित स्त्रीला साधन फसल्यामुळे दिवस गेले असतील, तर त्याचा मानसिक त्रास हा तिच्या आरोग्याला गंभीर अपाय समजावा, असे कायद्यात स्पष्टीकरण होते (२०२१ नंतर ते 'कोणतीही स्त्री किंवा तिचा जोडीदार' असे रुंद झाले). हे एक कारण लिहिले की पुढे कोणी काही विचारत नसे. त्यामुळे जिला कधी तांबी बसवली नव्हती आणि जिच्या घरात निरोधचे पाकीट कधी आले नव्हते, तिच्या नावापुढेही साधनाचे अपयश लिहिलेले असे. बारा आठवड्यांच्या पुढच्या केसला तेव्हा दोन डॉक्टरांचे मत लागे; दुसऱ्या डॉक्टरांच्या सह्या असलेले कोरे फॉर्म आमच्या फायलीत आधीपासून ठेवलेले असत.

२००१ च्या जनगणनेत सांगली जिल्ह्यात सहा वर्षांखालील हजार मुलग्यांमागे ८५१ मुली निघाल्या होत्या. राज्याचा आकडा ९१३ होता. हे वर्तमानपत्रांत येत होते, सोनोग्राफी केंद्रांच्या तपासण्या होऊ लागल्या होत्या, आणि आमच्या डॉक्टरांनी मला जुने कागद नीट लावून ठेवायला सांगितले. २००५ चा उन्हाळा असावा, दुपारी लोडशेडिंग होते आणि मी रेकॉर्डच्या खोलीत खिडकीपाशी बसून तेरा आठवड्यांच्या पुढचे केसपेपर वेगळे काढत होते. केसपेपरवर आधीची अपत्ये लिहिलेली असतात. दोन मुली, एक मुलगी, दोन मुली, तीन मुली, दोन मुली. मुलगा असलेल्या घरातली बाई त्या गठ्ठ्यात शोधावी लागत होती. त्यानंतर मी रजिस्टर उघडून तीच नावे पाहिली, तर प्रत्येकीपुढे माझ्या सुंदर अक्षरातल्या त्या दोन रेघा होत्या.

त्यातला एक केसपेपर मला चेहऱ्यासकट आठवला. (खुणा मी बदलल्या आहेत. पेशंटची ओळख उघड करणे हा आता एक वर्षापर्यंत कैदेची शिक्षा असलेला गुन्हा आहे, आणि शिक्षा नसती तरी मी बदलल्याच असत्या.) जत तालुक्यातली बाई, वय तेवीस, दोन मुली, सतरा आठवडे. बरोबर सासू होती आणि नाव सोडून सर्व प्रश्नांची उत्तरे सासूच देत होती. बाईने संमतीपत्रावर अंगठा उठवला. शाई पुसायला मी तिला स्पिरिटचा बोळा दिला तेवढाच आमचा संवाद. तेव्हाच्या पद्धतीप्रमाणे संध्याकाळी नळीने औषध सोडले आणि पहाटे साडेचारच्या सुमारास सर्व उरकले. डॉक्टर हात धुवायला गेले, मी किडनी ट्रेवर कापड टाकले, आणि तिने मान वळवून विचारले, "शिस्टर, मशीनवाल्यानं पोरगी सांगितल्याली. खरं हुतं का, तेवढं सांगा." सतरा आठवड्यांना ते दिसते. मी पाहिले होते. मुलगीच होती. मी म्हणाले, "एवढ्यात काय कळत न्हाई गं." तिने पुन्हा विचारले नाही. सकाळी चहा घेऊन मी रजिस्टर भरायला बसले.

इथपर्यंत वाचून कोणीही म्हणेल की बाई, तुमचा आक्षेप लिंगनिवडीला आहे, गर्भपाताला नाही. मीही वर्षभर स्वतःला तसेच समजावत होते आणि ज्या केसचा संशय येई तिथून काढता पाय घेत होते. पण त्या जतच्या केसमध्ये अन्याय झाला असे मला ठामपणे वाटत असेल, तर तो कोणावर झाला, हा प्रश्न काही केल्या सुटेना. स्त्री-चळवळीतल्या माझ्या मैत्रिणी म्हणतात की तो त्या बाईवर आणि एकूण मुलींच्या जातीवर झाला, गर्भावर नाही. हा युक्तिवाद पोकळ नाही आणि कित्येक विचारी माणसांना तो पुरतो. मला तो पुरला नाही, कारण त्या पहाटे मी कापड टाकले ते मुलींच्या जातीवर नव्हे. आणि कापडाखाली जे होते ते मुलगी म्हणून कोणीतरी असेल, तर शेजारच्या खोलीत वेगळ्या कारणासाठी आलेल्या सतरा आठवड्यांच्या केसमध्येही कोणीतरीच होते.

यात एक विसंगती उरते, ती कबूल केली पाहिजे. सहा-सात आठवड्यांच्या केसमध्ये काम पूर्ण झाले की नाही हे पाहण्यासाठी गाळणीतले वाहत्या पाण्याखाली धुऊन, काचेच्या भांड्यात पाण्यात सोडून उजेडावर धरतो; तेव्हा दिसतो तो पिंजलेल्या कापसासारखा पांढुरका पुंजका, आणि तो पाहून माझे मन कधी तसे हलले नाही. तर्काने पाहिले तर जीव तिथेही सुरू झालेला आहे, आणि म्हणून आज मी तेही काम करणार नाही. पण सातवा आठवडा आणि सतरावा आठवडा माझ्या मनात एकाच पारड्यात बसत नाहीत, आणि बसतात असे मी तुम्हाला सांगितले तर ती पुन्हा रजिस्टरमधली दोन रेघांची नोंद होईल. तुमच्या हाताला नेमके कोणते काम जड जाते आहे, सुरुवातीच्या आठवड्यांचे की उशिराचे, की कारण ठाऊक असूनही गप्प राहण्याचे, हे तुम्ही आधी स्वतःपाशी ठरवा. उत्तर त्यावर बरेच अवलंबून आहे.

अमेरिकेतल्या मुलाखतींबद्दल थोडेसे. तुम्ही पाहिलेल्या बाई बहुधा टेक्सासमधल्या अ‍ॅबी जॉन्सन असाव्यात. त्यांनी ऑक्टोबर २००९ मध्ये केंद्र सोडले आणि पुढे त्या गर्भपातविरोधी चळवळीचा चेहरा झाल्या. त्यांनी सांगितलेल्या त्या दिवसाच्या तपशिलांवर तिथे वादही झाला आहे. मला त्यांच्यापेक्षा डॉ. बर्नार्ड नॅथन्सन यांची गोष्ट जवळची वाटते. न्यूयॉर्कमधले मोठे गर्भपात केंद्र चालवलेला, कायदा सैल व्हावा म्हणून झगडलेला हा डॉक्टर १९७४ मध्ये वैद्यकीय नियतकालिकात आपल्या शंका लिहितो, त्या वेळी तो देवही मानत नव्हता; चर्चमध्ये तो गेला त्यानंतर वीसेक वर्षांनी. म्हणजे हा प्रश्न धर्माच्या दाराने आत यावा लागतो असे नाही. मात्र त्यांचे भांडण आणि आपले भांडण एक नाही. तिथे १९७३ च्या निकालाने हक्क दिला आणि २०२२ च्या निकालाने तो काढून घेतला, त्यामुळे मन बदललेल्या प्रत्येकाला कोणत्या ना कोणत्या पक्षाच्या व्यासपीठावर उभे राहावे लागते. आपल्याकडे १९७१ चा कायदा आला तो मुख्यतः आडमार्गाच्या गर्भपातांत बायका मरत होत्या म्हणून आणि लोकसंख्येची चिंता होती म्हणून. घरात मात्र निर्णय तिचा कधीच नव्हता, आणि कायदा आल्यावरही बऱ्याच घरांत तो सासूचा किंवा नवऱ्याचाच राहिला. तिथला साचा इथे जसाच्या तसा बसवू नका.

यामुळेच माझे मन बदलले तरी कायदा रद्द व्हावा असे मी कधी म्हटले नाही, आणि यावर माझ्याशी सहमत असलेले लोकही नाराज होतात. प्रशिक्षणाच्या काळात सरकारी रुग्णालयाच्या स्त्रीरोग वॉर्डात गर्भ पाडण्यासाठी आत काडी घातलेल्या बायका मी पाहिल्या आहेत : पोट फळीसारखे कडक, ताप एकशे चारचा, आणि बरोबरचा माणूस शपथेवर सांगणार की "आपोआप पडलं". एका बाईच्या गर्भाशयात तुटलेला काडीचा तुकडा मी स्वतः चिमट्यातून वाटीत घेतला आहे. डॉ. सविता हलप्पनवार तर आपल्या शेजारच्या बेळगावच्या. ऑक्टोबर २०१२ मध्ये आयर्लंडमध्ये सतराव्या आठवड्यात त्यांचा गर्भ वाचणार नाही हे स्पष्ट झालेले असतानाही, ठोके सुरू आहेत म्हणून गर्भपात नाकारला गेला आणि जंतुसंसर्गाने त्या गेल्या. पुढे २०१८ च्या सार्वमताने तिथली घटनेतली बंदी उठली. सतरा आठवडे हाच आकडा माझ्या जतच्या केसचाही आहे. हे दोन्ही सतरा आठवडे ज्याला एकाच वेळी डोळ्यांपुढे ठेवता येत नाहीत, त्याच्याशी मी या विषयावर फार वेळ बोलत नाही.

नवजात विभागात गेल्यावर माझ्या मताला धार आली की ते मवाळ झाले, हे मला नीट सांगता येत नाही. सत्तावीस आठवड्यांना जन्मलेली, आठशे ग्रॅमची मुलगी बोंडल्याने दूध पिऊ लागते तेव्हा मागच्या पंधरा वर्षांचा हिशेब आपोआप डोळ्यांपुढे येतो. पण त्याच विभागाच्या बाहेर बाकावर बसून, तिसरीही मुलगी झाली म्हणून एकटीच डबा खाणारी आईही दिसते. शेजारच्या सातारा जिल्ह्यात ऑक्टोबर २०११ मध्ये 'नकुसा' नावाच्या २८५ मुलींचे जाहीर कार्यक्रमात नव्याने नामकरण झाले, ते तुम्ही शाळेत असताना ऐकले असेल. त्या मुली जन्माला तर आल्या होत्या. तेव्हा केवळ 'गर्भपात थांबवा' असे म्हणणाऱ्याने त्या मुलींच्या पुढच्या काही वर्षांबद्दलही बोलले पाहिजे. याच सातारा जिल्ह्यातल्या नायगावच्या सावित्रीबाईंनी आणि जोतिरावांनी १८६३ मध्ये पुण्यात बालहत्या प्रतिबंधक गृह काढले, तेव्हा फसवल्या गेलेल्या विधवांना त्यांनी पापपुण्य ऐकवले नाही; गुपचूप येऊन बाळंत होण्यासाठी खोली दिली आणि अशाच एका बाईचा मुलगा दत्तक घेतला.

आता तुमच्या नोकरीचे. आपल्या गर्भपाताच्या कायद्यात सिस्टरला 'हे काम मी करणार नाही' असा स्वतंत्र हक्क लिहिलेला नाही. ब्रिटनच्या १९६७ च्या कायद्यात तो आहे, परंतु जीव वाचवण्याची वेळ आली तर तिथेही तो चालत नाही. ग्लासगोच्या दोन सुईणींनी त्या हक्काखाली गर्भपाताच्या पेशंटवर देखरेख करणाऱ्या सिस्टरांचे वेळापत्रक लावायलाही नकार दिला, तेव्हा २०१४ मध्ये तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की सहभाग म्हणजे प्रत्यक्ष हाताने केलेले काम. कामे वाटून देणे किंवा देखरेख करणे त्यात येत नाही. हा निकाल आपल्याला लागू नाही, तरी रेघ कुठे ओढायची याचा विचार करायला उपयोगी आहे. माझी रेघ अशी होती : थिएटरमध्ये हातात साधन देणार नाही, नळी सोडताना धरणार नाही, पण गोळ्या दुकानातून परस्पर घेऊन रक्तस्राव होत आलेली बाई, अर्धवट पडलेला गर्भ, नळीत राहिलेला गर्भ, ताप आलेली पेशंट, यांच्यासाठी रात्री दोन वाजताही येणार. ते काम गर्भपाताचे नाही, जीव वाचवण्याचे आहे, आणि त्यातून अंग काढणाऱ्या सिस्टरला मी सिस्टर म्हणणार नाही.

डॉक्टरांशी बोलताना पेशंट टेबलावर असताना बोलू नका, महिन्याच्या सुरुवातीला ड्युटी लावण्याआधी बोला, आणि त्यांच्यावर आरोप करू नका. "माझा हात आता चालत नाही, मला प्रसूती कक्षात किंवा बाळांकडे द्या" एवढे पुरते. माझ्या डॉक्टरांनी चार महिने मला प्रसूती कक्षात दिलेही, मग माणसे कमी पडली आणि मी राजीनामा दिला. तुमच्याकडे दुसरी प्रशिक्षित सिस्टर नसेल, तुमच्या पगारावर घर चालत असेल, तर लगेच सोडा असे मी सांगणार नाही; मला नवऱ्याची नोकरी होती म्हणून सोडणे परवडले. सोडलेत तरी पेशंटच्या गोष्टी घेऊन कॅमेऱ्यासमोर बसू नका.

आणि तुम्ही तिथे असेपर्यंत एक काम तुमच्या हातात आहे, जे मी पंधरा वर्षांत केले नाही. दाखल करताना बाईला एकटीला विचारा. कोणत्या बाजूने वळवण्यासाठी नव्हे, केवळ तिचे उत्तर तिच्या तोंडून यावे म्हणून. हवे असेल तर ठेवता येईल, बाळ नको असेल तर बाल कल्याण समितीपुढे कायद्याने सोपवता येते आणि दोन महिन्यांत निर्णय फिरवताही येतो, हे तिला माहीत नसते. नको असेल आणि कायद्यात बसत असेल, तर तो तिचा निर्णय आहे आणि तुम्ही त्यावर तोंड वाकडे करायचे नाही. मिरजेत असताना ज्या काही जणींशी मला असे बोलता आले, त्यांतल्या बऱ्याच जणींनी पहिली पाच मिनिटे काहीच सांगितले नाही, दोघी-तिघी घरी परत गेल्या, आणि बाकीच्यांनी जे ठरवले होते तेच केले.

तेव्हा उद्या पहिली पेशंट आली की तिच्याबरोबरच्या बाईला बाहेरच्या बाकावर बसायला सांगा, दार लावून घ्या, आणि कारणाचा रकाना भरण्याआधी पेन खाली ठेवा.